डोळ्यातली लेन्स सरकली, पण कागदावर काय लिहिले?

या वेळी आरोग्याच्या पानावर आम्ही एक जरा वेगळा विषय घेतला आहे. विषय डोळ्याचा आहे, तसाच कागदाचाही आहे. डोळ्यात बसवलेली लेन्स किंवा कृत्रिम डोळा बिघडला, तर दवाखान्याच्या कागदावर त्याची नोंद कोणत्या शब्दांत होते? त्या शब्दांवरून कोणता कोड पडतो? आणि त्या कोडने आपल्या माणसाचे काय भले-बुरे होते?

आम्ही अनेक वर्षे वॉर्डात परिचारिका म्हणून काम केले. आता परभणी जिल्ह्यातल्या वस्त्यांमध्ये आरोग्याचे प्रश्न घेऊन फिरतो. जिंतूर तालुक्यातल्या एका मावशींमुळे हा विषय आमच्यासमोर आला. तीन वर्षांपूर्वी त्यांचा मोतीबिंदू काढून लेन्स बसवली होती आणि नजर छान आली होती. एक दिवस तुराट्यांची मोळी उतरवताना काडी डोळ्यावर बसली. आमच्याकडे आल्या तेव्हा म्हणाल्या, "सिस्टर, डोळ्यात काय तर हालायलंय बघा. कधी दिसायलंय, कधी नाही."

त्याआधी त्या दोन ठिकाणी जाऊन आल्या होत्या. पहिल्या कागदावर लिहिले होते, "मोतीबिंदू ऑपरेशन झालेले, थेंब दिले." दुसऱ्यावर होते, "दृष्टी कमी, चष्मा द्यावा." लेन्स जागेवरून सरकली आहे हे तिसऱ्या ठिकाणी कळले. तेथील डॉक्टरांनी विचारले, "पहिली लेन्स कोणती होती? कार्ड आहे का?" कार्ड घर शाकारताना हरवले होते. मोठ्या शहरात नेऊन पडद्याच्या डॉक्टरांकडून लेन्स पुन्हा बसवून घ्यावी लागली. त्यांच्या मुलाने वर्षभरापूर्वी आरोग्य विमा काढला होता. विमा कंपनीने पैसे नाकारले. कारण? रुग्णालयाच्या टेबलावरून फॉर्मवर कोड गेला होता मोतीबिंदूचा, आणि मोतीबिंदूसाठी त्या पॉलिसीत दोन वर्षे थांबण्याची अट होती.

मावशींना मोतीबिंदू नव्हताच, तो तीन वर्षांपूर्वीच निघाला होता. त्यांची लेन्स मार लागून सरकली होती. डोळा एक, पण कागदावर दोन वेगवेगळ्या गोष्टी झाल्या.

कोड म्हणजे काय?

जगभरच्या रोगांची एकच यादी असावी, म्हणजे कोणत्या देशात, कोणत्या जिल्ह्यात काय आजार आहेत हे मोजता येईल, या विचारातून आंतरराष्ट्रीय रोग वर्गीकरण तयार झाले. १८९३ साली मृत्यूच्या कारणांच्या यादीपासून त्याची सुरुवात झाली. १९४८ पासून जागतिक आरोग्य संघटना ते सांभाळते. त्याच्या दहाव्या आवृत्तीला १९९० साली मंजुरी मिळाली. तिलाच आपण आयसीडी-१० म्हणतो. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली आहे, पण आपल्याकडच्या दवाखान्यांत आणि विम्याच्या फॉर्मवर अजून दहावीच जास्त दिसते.

या यादीत प्रत्येक रोगाला एक अक्षर आणि काही आकडे दिलेले आहेत. म्हातारपणीचा मोतीबिंदू म्हणजे एच २५. डोळ्यात कृत्रिम लेन्स आहे आणि ती नीट आहे, एवढेच सांगायचे असेल तर झेड ९६.१. पण त्या लेन्समध्ये यांत्रिक बिघाड झाला असेल तर कोड आहे टी ८५.२. लेन्स सोडून डोळ्यातले दुसरे रोपण, म्हणजे कृत्रिम डोळा किंवा बसवलेले बुबुळाचे कलम यांच्यात यांत्रिक बिघाड झाला, तर टी ८५.३.

यांत्रिक बिघाड म्हणजे वस्तूचा बिघाड. वस्तू मोडली, जागेवरून सरकली, चुकीच्या जागी बसली, गळाली, आत रुतली, बाहेर डोकावू लागली किंवा तिने वाट अडवली, तर ते या वर्गात येते. जंतुसंसर्ग यात येत नाही. त्याचा कोड वेगळा आहे.

अमेरिकेत हीच यादी आणखी फोडून वापरतात. तिथे लेन्स मोडली तर टी ८५.२१, सरकली तर टी ८५.२२, आणि दुसरा यांत्रिक बिघाड असेल तर टी ८५.२९. शेवटी आणखी एक अक्षर लावतात. ए म्हणजे बिघाडावर प्रत्यक्ष उपचार चालू आहे, डी म्हणजे उपचारानंतरची देखरेख, एस म्हणजे जुन्या बिघाडाचे मागे राहिलेले परिणाम. कृत्रिम डोळ्याच्या कोडमध्ये तर उजवा की डावा हेही येते.

हे आम्ही मुद्दाम सविस्तर सांगतो आहोत. आपल्या कितीतरी मुली-मुले बी.एस्सी., फार्मसी, नर्सिंग करून पुण्याला, हैदराबादला मेडिकल कोडिंगच्या नोकरीला जातात. ती रात्रभर बसून अमेरिकेतल्या रुग्णांचे कागद वाचतात आणि लेन्स सरकली तर टी ८५.२२ एक्स ए असा नेमका कोड लावतात. त्यांच्याच गावातल्या मावशीच्या कागदावर मात्र "ऑपरेशन झालेले, थेंब दिले" एवढेच असते.

लेन्स का बिघडते?

डोळ्यात कृत्रिम लेन्स बसवण्याची सुरुवात लंडनच्या सेंट थॉमस रुग्णालयात झाली. तिथे २९ नोव्हेंबर १९४९ रोजी डॉ. हॅरोल्ड रिडले यांनी पहिली लेन्स बसवली. युद्धात विमानाच्या काचेचे प्लास्टिकचे तुकडे वैमानिकांच्या डोळ्यात गेले होते, पण डोळ्याने ते सहन केले होते. त्यावरून त्यांना ही कल्पना सुचली. त्या काळातल्या लेन्स बऱ्याचदा जागेवरून सरकत. म्हणजे हा बिघाड लेन्सइतकाच जुना आहे. पुढे लेन्स सुधारल्या. आपल्या देशात मदुराईच्या ऑरोलॅबने १९९२ पासून स्वस्त लेन्स बनवायला घेतल्या आणि गरिबाच्या डोळ्यातही लेन्स बसू लागली. त्याआधी मोतीबिंदू काढल्यावर जाड भिंगांचा चष्मा लावूनच दिवस काढावे लागत. आपल्या घरातल्या जुन्या माणसांना ते चष्मे आठवत असतील.

आपल्या नैसर्गिक भिंगाला एक पातळ पिशवी असते. मोतीबिंदू काढताना आतला गढूळ भाग काढतात, पिशवी ठेवतात आणि तिच्यात नवी लेन्स बसवतात. ही पिशवी बारीक तंतूंनी डोळ्यात टांगलेली असते. लेन्सला दोन बारीक पाय असतात, त्यांच्या आधाराने ती पिशवीत मधोमध राहते. आता बिघाड कसा होतो ते पाहा.

पिशवी ऑपरेशनच्या वेळीच फाटली, तर लेन्सला पक्का आधार मिळत नाही. तंतू वयाने, आजाराने किंवा जास्त नंबरच्या डोळ्यात मुळातच नाजूक असतील, तर काही वर्षांनी लेन्स पिशवीसकट सरकते. डोळ्याला मार लागला तर तंतू तुटतात. आपल्याकडे तुराटीची काडी, पऱ्हाटीचा फोक, बैलाचे शिंग, सरपण फोडताना उडालेली ढलपी ही त्याची नेहमीची कारणे. कधी लेन्सचा पाय मोडतो. हे सगळे यांत्रिक बिघाड आहेत.

आता एक गोष्ट नीट लक्षात ठेवा. ऑपरेशननंतर काही महिन्यांनी किंवा वर्षांनी हळूहळू अंधुक दिसू लागले, तर बहुतेक वेळा लेन्सच्या मागची पिशवी गढूळ झालेली असते. लोक म्हणतात, "मोतीबिंदू परत आला." तो परत येत नाही. याला एच २६.४ हा कोड आहे आणि लेसरने थोड्या वेळात तो पडदा मोकळा करता येतो. तो लेन्सचा बिघाड नव्हे. प्रत्येक अंधुक नजरेला "लेन्स खराब निघाली" म्हणणे चुकीचे आहे. तसेच प्रत्येक अंधुक नजरेला "वय झाले" म्हणून घरी पाठवणेही चुकीचे आहे.

लेन्स सरकल्याची लक्षणे अशी असतात: नजर अचानक कमी होणे, एकाच डोळ्याने दोन-दोन दिसणे, नजरेत एखादी कड किंवा कमान दिसणे, मान हलवली की चित्र हलणे, दिव्याभोवती जास्त चमक येणे. डोळ्यात वीज चमकल्यासारखे वाटले, काळे ठिपके अचानक वाढले किंवा बाजूने पडदा आल्यासारखे झाले, तर मागचा पडदा फाटला असण्याचा धोका असतो. मग एक दिवसही थांबू नये. ऑपरेशननंतरच्या पहिल्या दिवसांत डोळा लाल झाला, ठणकू लागला आणि नजर कमी झाली, तर आत जंतुसंसर्ग झालेला असू शकतो. अशा वेळी त्याच दिवशी रुग्णालय गाठावे. मेडिकलवरून थेंब आणून वाट बघू नये. तासातासाने नजर जात असते.

कृत्रिम डोळ्याची गोष्ट

आपण काचेचा डोळा म्हणतो, पण आता तो बहुधा ॲक्रिलिकचा असतो. डोळा काढावा लागला तर खोबणीत आत एक गोळा बसवतात आणि वरून डोळ्यासारखी दिसणारी वाटी लावतात. वाटी काढता-घालता येते, आतला गोळा येत नाही.

गंगाखेडकडच्या एका मुलाचा डोळा विटी लागून गेला होता. शाळेत त्याची वाटी दोनदा गळून पडली आणि पोरांनी चिडवले म्हणून त्याने शाळाच सोडायची म्हटली. त्याच्या आईला वाटले, डोळा खराब दिला. तपासल्यावर कळले, वाटी चांगली होती, पण पोरगा वाढला होता, खोबण वाढली होती. मुलांची वाटी त्यांच्या वाढीप्रमाणे बदलावी लागते. यासाठी कोड आहे झेड ४४.२, म्हणजे कृत्रिम डोळा बसवणे व जुळवणे. त्याची वाटी तडकली असती किंवा आतला गोळा सरकला असता, तर टी ८५.३ लागला असता. पहिल्यात माप घेऊन नवी वाटी करायची असते, दुसऱ्यात डॉक्टरांना आत काय बिघडले हे शोधावे लागते. नवी वाटी बसली आणि मुलगा पुन्हा शाळेत जाऊ लागला.

वाटी हात धुऊन, स्वच्छ पाण्याने धुवावी. स्पिरिट किंवा उकळते पाणी लावू नये. वर्षातून एकदा पॉलिश करून घ्यावी. मोठ्या माणसाची वाटीही साधारण पाच वर्षांनी बदलावी लागते. वाटी काढल्यावर आतल्या गुलाबी त्वचेतून पांढरे काही दिसू लागले, स्राव वाढला किंवा रक्त आले, तर आतला गोळा उघडा पडलेला असू शकतो. ताबडतोब दाखवावे.

नेमका कोड नसेल तर काय होते?

एक, पैशाचे. विम्याच्या फॉर्मचा जो भाग रुग्णालय भरते, त्यात आयसीडी-१० चा कोड मागितलेला असतो. मोतीबिंदूसारख्या ठरावीक आजारांसाठी थांबण्याची जी अट असते, ती अपघातामुळे आलेल्या उपचाराला लागू होत नाही. जिंतूरच्या मावशींच्या बाबतीत आम्ही डॉक्टरांना भेटलो. त्यांनी डिस्चार्ज कार्ड दुरुस्त करून दिले: डावा डोळा, तीन वर्षांपूर्वी बसवलेली लेन्स, काडीचा मार लागून सरकली. कोड टी ८५.२ आणि मार लागण्याच्या कारणाचा कोड वेगळा. दावा पुन्हा तपासला गेला आणि खर्चाचा मोठा भाग मिळाला. डॉक्टरांनी यात काही खोटे लिहिले नाही. जे घडले तेच पूर्ण लिहिले.

दोन, पुढच्या उपचाराचे. नवा डॉक्टर जुना कागद वाचूनच सुरुवात करतो. "ऑपरेशन झालेले" एवढ्यावरून त्याला लेन्स कुठली, पिशवी शाबूत आहे की नाही, काहीच कळत नाही.

तीन, सगळ्यांचे. एखाद्या बनावटीच्या लेन्स पुन्हा पुन्हा बिघडत असतील, तर ते मोजल्याशिवाय कळणार नाही. या यादीत डोळ्याच्या उपकरणामुळे झालेल्या दुर्घटनेसाठी वाय ७७ हा वेगळा कोडही आहे. २०१० साली एका मोठ्या कंपनीने खुब्याचा सदोष सांधा जगभरातून परत बोलावला. तेव्हा आपल्या देशात तो बसवलेल्या हजारो रुग्णांपैकी बहुतेकांचा माग लागला नाही. ज्यांचे नाव-पत्ता आणि सांध्याची नोंद सापडली नाही, त्यांच्यापर्यंत नुकसानभरपाई कशी पोहोचणार?

डोळ्यातली लेन्स कायद्याने २००५ पासून औषधासारखी नियंत्रित वस्तू आहे आणि २०१८ पासून वैद्यकीय उपकरण नियम लागू आहेत. उपकरणामुळे अपाय झाला तर त्याची नोंद घेण्यासाठी ६ जुलै २०१५ रोजी देशात मटेरिओव्हिजिलन्स कार्यक्रम सुरू झाला. गाझियाबादचा भारतीय औषधसंहिता आयोग तो चालवतो. डॉक्टरच नव्हे, परिचारिकाही तिथे कळवू शकतात. मदत क्रमांक १८००-१८०-३०२४. परिचारिका भगिनींनो, आपण वॉर्डात हे बघतो आणि बिघाड डॉक्टरांच्या कानावर घालून मोकळ्या होतो. आम्हीही तेच केले आहे. एक फॉर्म भरला असता तर त्याची नोंद राहिली असती.

एक इशारा

टी ८५.२ लिहिले म्हणजे डॉक्टर दोषी, असे मुळीच नाही. काय घडले ते कोड सांगतो, कोणामुळे घडले ते सांगत नाही. चांगल्या हाताने केलेल्या ऑपरेशननंतरही लेन्स सरकू शकते. म्हणून डॉक्टरांशी भांडायला जाऊ नका, पूर्ण नोंद मागायला जा. डॉक्टरांनीही हा कोड लिहायला घाबरू नये. कोड लावणारा माणूस डॉक्टरांनी जे लिहिले त्याचाच कोड लावू शकतो, मनाने काही घालू शकत नाही.

आपण काय करायचे?

लेन्सच्या डबीत स्टिकर असतात. त्यावर कंपनी, बनावट, नंबर, अनुक्रमांक आणि मुदत छापलेली असते. ऑपरेशननंतर एक स्टिकर केसपेपरवर आणि एक आपल्या कार्डावर लावून घ्या. सुट्टी होण्याआधी विचारा, "सिस्टर, लेन्सचे स्टिकर कार्डावर लावले का?" शिबिरातून गेलेल्यांनी तर हे हमखास विचारावे, कारण रुग्णालय दूरचे असते आणि पुन्हा जाणे होत नाही. कार्डाचा फोटो घरातल्या दोन मोबाईलमध्ये ठेवा.

बिघाड झाला तर कागदावर पाच गोष्टी आहेत का ते बघा: कोणता डोळा, आत काय बसवले होते, ते कधी आणि कुठे बसवले, नेमके काय झाले (सरकले, मोडले, बाहेर आले), आणि कशामुळे. या पाच गोष्टी असतील तर कोड आपोआप बरोबर पडतो.

जुने कागद मागणे हा आपला हक्क आहे. वैद्यकीय परिषदेच्या २००२ च्या नियमांनुसार डॉक्टरांनी दाखल रुग्णाची नोंद उपचार सुरू झाल्यापासून तीन वर्षे जपायची असते आणि मागितल्यावर ७२ तासांत द्यायची असते. मागणी लेखी करा आणि पोच घ्या. सरकारी रुग्णालयातले कागद माहिती अधिकारातही मागता येतात. अर्जाला दहा रुपये लागतात, दारिद्र्यरेषेखालच्यांना तेही लागत नाहीत. तीन वर्षांची मुदत लक्षात ठेवा. मावशींचे जुने केसपेपर मागायला आम्ही गेलो तेव्हा ती संपत आली होती.

महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत उपचार घेणार असाल, तर तिथे उपचाराच्या पॅकेजचे कोड वेगळे असतात. दाखल होण्याआधीच आरोग्यमित्राला विचारा की आपला उपचार कोणत्या पॅकेजात बसतो. योजनेचा क्रमांक १५५३८८.

पैसे देऊन घेतलेल्या सेवेत कसूर झाली असे खरोखर वाटत असेल, तर जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाता येते. त्यासाठी कारण घडल्यापासून दोन वर्षांची मुदत आहे. आणि तिथेही पहिला प्रश्न हाच येतो: कागद आहे का?

मेडिकल कोडिंग करणाऱ्या आपल्या मुला-मुलींना शेवटची विनंती. सुट्टीत गावी आलात की आजी-आजोबांचे, शेजाऱ्यांचे दवाखान्याचे कागद एकदा वाचून द्या. काय अपुरे आहे ते पेन्सिलीने लिहून ठेवा. तुमच्याकडे जे ज्ञान आहे ते इथे फार थोड्यांकडे आहे.

आणि बाकी सगळ्यांनी आज संध्याकाळी घरातली पेटी उघडून बघावी. ज्यांच्या डोळ्यात लेन्स आहे त्यांचे कार्ड सापडते का? सापडले तर फोटो काढा. नाही सापडले आणि ऑपरेशनला तीन वर्षे झाली नसतील, तर उद्याच अर्ज लिहा. अर्ज कसा लिहायचा हे ज्यांना हवे असेल त्यांनी रविवारी विहारात आमच्याकडे यावे, आम्ही बसून लिहून देऊ.